डिझेल पंपाचं टायमिंग: दोन रविवार आणि एक सुई

गाडी सुरू होत नव्हती असं नाही. व्हायची. पण सकाळच्या पहिल्या स्टार्टला आधी नुसती कण्हायची, मग एका सिलिंडरवर धडपडायची, मग दोनवर. चौथा जागा होईपर्यंत मागे पांढऱ्या धुराचा असा पडदा उभा राहायचा की समोरच्या घराची खिडकी दिसेनाशी व्हायची. वासही कच्च्या डिझेलचा, डोळे चुरचुरवणारा. इंजिन गरम झालं की हा धूर जायचा. मग चढ लागला की गाडी दम टाकायची आणि मागून काळा धूर सुरू. सकाळी पांढरा, चढावर काळा, आणि मधल्या सपाट रस्त्यावर आपली गाडी ठीक आहे अशी मी स्वतःची समजूत घालायचो.

व्हॅन जुनी, १९८० च्या दशकातली. चार सिलिंडरचं साधं डिझेल इंजिन, टर्बो नाही, कॉम्प्युटर नाही, डिझेल आधी प्रीचेंबरमध्ये फवारलं जातं त्या पद्धतीचं. सिलिंडरांना डिझेल दाबून वाटणारा पंप बॉशचा व्हीई, टायमिंग बेल्टवर फिरणारा. १९७५ पासून हा पंप कितीतरी कंपन्यांच्या कार आणि व्हॅनमध्ये बसला, त्यामुळे त्याची माहिती असणारे जुने मिस्त्री अजून सापडतात. हे दुखणं सुरू झालं बेल्ट बदलल्यावर. बेल्ट मी बदलला नव्हता, एका गॅरेजला गाडी दिली होती. तिथे पंपाचं टायमिंग, म्हणजे डिझेलचा फवारा नेमका कधी यावा ते, ‘कानावर’ लावून दिलं.

कानावर लावणं म्हणजे इंजिन चालू ठेवून पंपाचे बोल्ट सैल करायचे, पंप हाताने थोडा इकडे-तिकडे फिरवायचा आणि आवाज बरा वाटला की बोल्ट आवळायचे. टायमिंग पुढे गेलं, म्हणजे फवारा लवकर आला, की इंजिन कडकड वाजतं, मागे गेलं की मऊ चालतं. आता मऊ आवाज कोणाला आवडत नाही? म्हणूनच कानावर लावलेलं टायमिंग मागे राहून जाण्याची शक्यता जास्त, असं माझं मत झालं आहे. गाडी ताब्यात घेताना मी स्वतःच म्हटलं होतं, “वा, किती शांत चालतेय.”

पांढऱ्या धुराचं कारण त्या शांतपणातच होतं. डिझेल इंजिनात ठिणगी नसते. हवा दाबून दाबून इतकी तापते की फवारलेलं डिझेल आपोआप पेट घेतं. फवारा उशिरा आला तर पिस्टन खाली निघालेला असतो, तापमान उतरायला लागलेलं असतं, त्यात सकाळी सिलिंडरच्या भिंती गार. डिझेलचा काही भाग पेटतच नाही आणि धुक्यासारखा बाहेर पडतो. काळा धूर वेगळा. त्यात डिझेल पेटलेलं असतं, पण हवा पुरलेली नसते. निळा दिसला तर ऑइल जळतंय. हे तीन रंग वेगळे ओळखायला शिकलो नसतो तर मी थेट पंपच उतरवला असता.

पंपाची टेस्ट बेंच असलेले एक मिस्त्रीकाका ओळखीचे आहेत. त्यांना फोन केला.

“काका, माझा पंप गेलाय बहुतेक.”

“कशावरून?”

मी धुराचं सगळं पुराण सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, “पंप राहू द्या बाजूला. आधी हवा बघितलीत का?”

“एअर फिल्टर ना? महिन्यापूर्वीच बदललाय.”

“अहो, ती हवा नाही. डिझेलमधली.”

या पंपाला टाकीतून डिझेल ओढायला वेगळा पंप लागत नाही, त्याच्याच पोटात एक छोटा व्हेन पंप असतो. म्हणजे टाकीपासून पंपापर्यंतच्या नळीत दाब नसतो, ओढ असते. आणि इथेच माणूस फसतो. एखादा जोड सैल असेल तर तिथून डिझेल बाहेर टपकेल असं वाटतं. टपकत नाही, उलट हवा आत येते. मी सगळे जोड बोटाने चाचपून बघितले होते, सगळे कोरडे. कोरडे म्हणून मी खूश.

काकांनी सांगितल्याप्रमाणे फिल्टर आणि पंप यांच्या मधली काळी नळी काढून तिथे हातभर पारदर्शक नळी लावली. गाडी सुरू केली आणि टॉर्च मारला. सुरुवातीला एक मोठा बुडबुडा गेला, तो मी नळी लावताना शिरलेला. तो गेला की झालं असं वाटलं. पण मग बारीक बुडबुड्यांची माळ सुरू झाली, साबुदाण्याच्या दाण्यांहून लहान, एकामागे एक, थांबायला तयार नाही. रेस वाढवली की माळ दाट व्हायची.

उगम सापडायला अर्धा दिवस गेला. एकेक जोड कपड्याने पुसायचा, त्यावर घट्ट ग्रीस थापायचं आणि नळीकडे बघायचं. फिल्टरच्या डोक्यावरच्या हॅंड प्रायमरच्या (हाताने दाबून डिझेल भरायच्या बटणाच्या) बुडाशी ग्रीस थापल्याबरोबर माळ तुटली. खालचा ओ रिंग इतका कडक झाला होता की काढताना त्याचे दोन तुकडे झाले.

याच कामात एक घोटाळा होता होता राहिला. पंपाकडे येणाऱ्या आणि पंपातून टाकीत परत जाणाऱ्या दोन्ही नळ्यांचे पोकळ बोल्ट मी काढले आणि एकाच डबीत टाकले. दोन्ही दिसायला सख्खे भाऊ. बसवताना एकाच्या डोक्यावर ‘आउट’ असं कोरलेलं दिसलं म्हणून हातात घेऊन उजेडाकडे धरला. येणाऱ्या बाजूच्या बोल्टला ऐसपैस भोकं होती. ‘आउट’वाल्याला मात्र जेमतेम सुई जाईल एवढंच छिद्र. त्या छिद्रावर पंपाच्या पोटातला दाब अवलंबून असतो. इंजिनाची रेस वाढते तसा व्हेन पंप हा दाब वाढवत नेतो आणि त्या दाबाने एक छोटा पिस्टन सरकून टायमिंग आपोआप पुढे नेतो. बोल्टांची अदलाबदल झाली असती तर इनलेटला डिझेल मिळायची मारामार, आत दाब उभा राहायचा नाही, आणि मी पुढचा महिनाभर टायमिंग लावत बसलो असतो. तेव्हापासून प्रत्येक बोल्ट ज्याच्या त्याच्या भोकात उलटा अडकवून ठेवायची सवय लावून घेतली आहे.

हवा बंद झाली. सकाळी गाडी थोडी लवकर पेटायला लागली, धूर तसाच. मग थंड इंजिन पेटावं म्हणून आतली हवा तापवणारे हीटर प्लग तपासले, चारपैकी दोन मेलेले. ते बदलले. कॉम्प्रेशन, म्हणजे आत हवा किती दाबली जाते ते, मोजलं, चारही सिलिंडर तीस बारच्या आसपास, एकमेकांत फरक दोनचा. माझ्या मॅन्युअलमध्ये किमान २८ दिलं आहे, म्हणजे म्हाताऱ्या इंजिनाच्या मानाने छान. सिलिंडरवर डिझेल फवारणारे नोझल काकांकडे नेऊन टेस्टरवर लावले. १३० बारच्या आसपास उघडायला हवेत. तीन चांगले फवारत होते, चौथा फवारा संपल्यावर एक थेंब लोंबता ठेवत होता. तो बदलला, खालचे वायसर चारही नवे घातले. गाडी सुधारत चालली होती, पण पडदा पातळ झाला इतकंच. आता खरोखर पंपाच्या टायमिंगशिवाय काही उरलं नव्हतं.

“आता लावा हात,” काका म्हणाले. “पण डायल गेजने, त्या सुईवाल्या मापाने. आणि मागचा स्क्रू फिरवलात तर माझ्याकडे येऊ नका.”

मागचा स्क्रू म्हणजे काय ते पुढे येईल.

पंपाचं टायमिंग गेजने लावायची कल्पना तशी सोपी आहे. पंपात एकच प्लंजर असतो. तो गोल फिरतोही आणि पुढे-मागेही सरकतो. एका फेरीत चार वेळा सरकून चार नळ्यांना पाळीपाळीने डिझेल देतो. पंप इंजिनाच्या निम्म्या वेगाने फिरतो, म्हणून इंजिनाच्या दोन फेऱ्यांत प्रत्येक सिलिंडरला एक फवारा. प्लंजर आणि त्याचं घर यांच्यात जागा अवघी दोन-तीन मायक्रॉनची. तिथे रबर नाही, पॅकिंग नाही, वंगण म्हणजे तेच डिझेल. चार नळ्यांच्या मधोमध पंपाच्या डोक्यावर एक बूच असतं. ते काढून तिथे गेज बसवलं की गेजचा दांडा थेट प्लंजरच्या टोकाला टेकतो. आता पहिला पिस्टन टॉपला, म्हणजे अगदी वर, असताना प्लंजर तळापासून किती वर उचललेला आहे, एवढंच वाचायचं. माझ्या इंजिनाला तो ०.९० मिलिमीटर हवा, दोन शतांश इकडे-तिकडे चालतो. आकडा कमी आला तर पंप मागे, जास्त आला तर पुढे. हा आकडा माझ्या इंजिनाचा आहे. पंप तोच असला तरी दुसऱ्या इंजिनाला दुसरा असतो, तेव्हा आपलं मॅन्युअल बघावं.

पहिला रविवार. भाच्याला मदतीला घेतलं, कारण क्रँकचा बोल्ट एका टोकाला आणि पिस्टन टॉपला आल्याची फ्लायव्हीलवरची खूण दुसऱ्या टोकाला. खूण बेल हाउसिंगच्या छोट्या खिडकीतून दिसते. ती गंजाने इतकी काळवंडली होती की आधी तारेच्या ब्रशने घासून त्यात खडू भरला. मी पान्यावर आणि सुईवर, भाचा टॉर्च घेऊन खिडकीशी. हीटर प्लग काढलेलेच होते, त्यामुळे इंजिन हाताने सहज फिरत होतं.

बूच काढताना दोन चमचे डिझेल आलं. खाली टायमिंग बेल्टचं कव्हर आहे, बेल्टला डिझेल लागलेलं चांगलं नाही, म्हणून तिथे आधीच चिंध्या कोंबल्या होत्या. पंपाभोवतीची सगळी जागाही आदल्या दिवशी ब्रशने धुऊन घेतली होती. त्या भोकात वाळूचा एक कण पडला तर दोन मायक्रॉनच्या जागेत तो काय करील ते सांगायला नको.

गेज बसवलं, दांडा एक मिलिमीटर दाबलेला ठेवला. मग इंजिन हळूहळू उलटं फिरवलं. सुई उतरत गेली, उतरत गेली आणि एका जागी थांबली. आणखी थोडं फिरवलं तरी हलेना. प्लंजर तळाला. तबकडी फिरवून तिथे शून्य केलं. आता इंजिन सुलट फिरवत खुणेपर्यंत आणायचं.

“आली मामा... आली... येतेय... अरे, गेली!”

“किती गेली?”

“थोडीशीच. मागे घ्या जरा.”

मी मागे घेतलं. खूण बरोबर जुळली, सुई ०.७९ वर. वहीत लिहिलं. खात्री म्हणून पुन्हा पहिल्यापासून केलं, या वेळी खूण न चुकता थांबलो. ०.७२. तिसऱ्यांदा, ०.७२. मग पहिल्यांदा ०.७९ कसं? थोडा वेळ गेजवर संशय घेतला, मग लक्षात आलं. क्रँक मागे फिरवला की आधी बेल्टची ढील भरून निघते, पंप जागचा हलत नाही. म्हणजे क्रँक खुणेवर परतला होता आणि पंप अजून पुढेच उभा होता. खूण ओलांडली तर थोडंसं मागे घेऊन भागत नाही. पाव फेरी मागे जायचं आणि पुन्हा पुढूनच यायचं.

०.७२ म्हणजे पंप मागे, अंदाज खरा ठरला. मी आनंदाने बोल्ट सैल केले, समोरचे तीन आणि मागच्या ब्रॅकेटचा एक. पंपाच्या नळ्यांचे नटही अर्धा आटा सैल केले. नाहीतर त्या पोलादी नळ्या स्प्रिंगसारख्या वागतात, पंप फिरवला की परत ओढून जागेवर आणतात. पंप कुठल्या बाजूला फिरवायचा याचा नियम लक्षात ठेवायला सोपा आहे. त्याचा शाफ्ट ज्या दिशेने फिरतो त्याच्या उलट दिशेला पंप वळवला की टायमिंग पुढे जातं, कारण कॅमचा उंचवटा रोलरला आधी भेटतो.

किती वळवायचा? नखाएवढा म्हटलं तरी फार झालं. आधी पंप आणि ब्रॅकेट यांच्यावर मिळून एक ओरखडा मारून ठेवला होता. तो ओरखडा एक मिलिमीटरही सरकला नसेल आणि सुई ०.९६ वर गेली. परत मागे. ०.८४. असं करत करत ०.९० वर आणलं, बोल्ट आवळले, आणि आवळताना पंप हलून ०.८७ झालं. पुन्हा सैल. हा खेळ तासभर चालला. भाचा मध्येच म्हणाला, “मामा, तुम्ही मुद्दाम ०.९३ वर ठेवा ना, आवळताना ०.९० होईल.” मी त्याला गप्प केलं आणि पाच मिनिटांनी तेच केलं. बोल्ट २५ न्यूटन मीटरला टॉर्क केले, नळ्यांचे नट आवळले, इंजिन दोन पूर्ण फेऱ्या फिरवून पुन्हा मोजलं. ०.९०. बुचाखालचा तांब्याचा वायसर नवा घालून बूच लावलं.

नळ्यांची हवा काढताना एक गोष्ट पाळली, ती इथे सांगतो. नोझलकडचे नट सैल करून स्टार्टर मारायचा आणि डिझेल आलं की आवळायचं, इथपर्यंत ठीक. पण चालू इंजिनात कुठे झिरपतंय ते बोटाने शोधायचं नाही. त्या दाबाचं डिझेल कातडी फोडून आत शिरतं. वर जखम टाचणीएवढी दिसते आणि हात गमवायची वेळ येऊ शकते. असं झालं तर दुखत नाही म्हणून थांबायचं नाही, तडक दवाखाना गाठायचा. मी पुठ्ठ्याचा तुकडा नळीजवळ धरून बघतो.

गाडी सुरू झाली. आवाजात थोडी धार आली होती. दुसऱ्या दिवशी सकाळी धूर निम्मा. भाच्याला फोन करून सांगितलं. आणि तरी काहीतरी खटकत होतं. थंड इंजिन बरं चालायचं, पण मी डॅशबोर्डवरची कोल्ड स्टार्टची नॉब आत ढकलली की आवाज एकदम मऊ पडायचा, तोच जुना मऊपणा. आणि चढावर तर ती पूर्वीचीच म्हातारी.

बुधवारी रात्री मॅन्युअलचं ते पान पुन्हा उघडलं. गेज बसवण्याच्या सूचनांमधली पहिलीच ओळ: कोल्ड स्टार्टची नॉब पूर्ण आत आहे याची खात्री करा.

मी पान उघडल्यावर थेट गेजच्या चित्रावर गेलो होतो. ही नॉब बाहेर ओढली की तिच्या केबलने पंपावरचा एक लिव्हर फिरतो आणि आतली रोलरची रिंग सरकून टायमिंग तेवढ्यापुरतं पुढे जातं, थंड इंजिन पेटावं म्हणून. रविवारी सकाळी गाडी सावलीत घ्यायला म्हणून मी ती सुरू केली होती, नॉब ओढली होती आणि तशीच ठेवली होती. म्हणजे मी मोजलेले सगळे आकडे नॉब ओढलेल्या पंपाचे. नॉब आत गेली की खरं टायमिंग कितीतरी मागे.

दुसऱ्या रविवारी भाचा येऊन आधी गाडीत बसला आणि नॉब आत ढकलून म्हणाला, “मामा, आत आहे बरं का.” आयुष्यभर हे ऐकावं लागणार.

पुन्हा गेज, पुन्हा खडू. ०.६८. गॅरेजमधून आली तेव्हा खरा आकडा किती असेल याचा हिशेब मी मनातल्या मनात केला. अर्ध्या मिलिमीटरच्या आसपासच असणार. या वेळी सगळं तासाभरात उरकलं, कारण आवळताना पंप किती पळतो ते माहीत झालं होतं. ०.९०, दोन फेऱ्यांनंतरही ०.९०. आवाज बदलला तो लगेच कळला, टकटक स्पष्ट, पण कडकड नाही. सोमवारी सकाळी पहिल्या फेरीला पेटली. मागे एक पांढरा झुळका आला आणि विरला. मी समोरच्या घराच्या खिडकीची काच दिसते का बघत राहिलो. दिसत होती.

राहिला काळा धूर, आणि तो मागचा स्क्रू.

पंपाच्या मागच्या बाजूला, नळ्यांच्या थोडा वर, चेक नट लावलेला एक स्क्रू असतो. पूर्ण दाबलेल्या अ‍ॅक्सिलरेटरला जास्तीत जास्त किती डिझेल जावं ते तो ठरवतो. आत फिरवला की डिझेल जास्त. कारखान्यातून तो सील होऊन येतो. माझ्या पंपाचं सील तुटलेलं होतं आणि नटाच्या कडांवर पान्याचे चमकदार चावे होते. म्हणजे कधीतरी कोणीतरी, बहुधा गाडी ओढत नाही या तक्रारीवर, हा स्क्रू आत मारला होता. टायमिंग मागे असेल तर डिझेल वाढवल्याने गाडी थोडी ओढल्यासारखी वाटतेही, मागून धूर निघतो तो आपल्याला कुठे दिसतो. टर्बो नसलेल्या इंजिनात हवा ठरलेली असते. हवेपेक्षा जास्त दिलेलं डिझेल नुसती काजळी होतं आणि एग्झॉस्ट तापवतं.

काकांना फोन केला. सील तुटल्याचं सांगितल्यावर बराच वेळ ते काही बोलले नाहीत.

“बेंचवर आणा,” शेवटी म्हणाले. “किती स्ट्रोकला किती सीसी येतंय ते मोजून लावतो. तोच खरा मार्ग.”

ते बरोबर होते. पण पंप उतरवायचा म्हणजे बेल्ट पुन्हा सोडायचा, आणि मला नुकतंच कुठे ०.९० सापडलं होतं. मी विचारलं, “थोडा बाहेर घेऊन बघितला तर?”

“बाहेर घ्या. आत नका घेऊ. आणि दर वेळी अर्धपाव फेरी, जास्त नाही.”

स्क्रूच्या टोकावर आणि पंपावर पांढऱ्या रंगाचा एक ठिपका मारला. चेक नट सैल करताना स्क्रू सोबत फिरणार नाही असा स्क्रू ड्रायव्हर धरून ठेवला. अष्टमांश फेरी बाहेर, नट आवळला, ठरलेल्या चढावर ठरलेल्या गिअरमध्ये नेली. मागे भाचा दुसऱ्या गाडीत, धूर बघायला. तीन वेळा असं केलं. पहिल्यांदा धूर काळा, दुसऱ्यांदा करडा, तिसऱ्यांदा पूर्ण जोर लावल्यावर नुसती सावली. चढ चढायला लागणारा वेळ तिन्ही वेळा जवळपास तोच होता. तो सगळा काळा धूर म्हणजे मी टाकीतून थेट आकाशात ओतत होतो.

याचा एक परिणाम लगेच दिसतो. हा स्क्रू बाहेर घेतला की आयडलही, म्हणजे पाय काढल्यावरचा इंजिनाचा वेगही, खाली येतं, वेग सांभाळणाऱ्या गव्हर्नरचं गणित आत एकमेकांत गुंतलेलं आहे. पुलीवर चमकीच्या पट्टीचा तुकडा चिकटवून हातातल्या टॅकोमीटरने मोजलं तर मिनिटाला ८५० फेऱ्यांवरून ७०० च्या जवळ आलं होतं आणि सीट थरथरत होती. आयडलचा स्क्रू थोडा आत घेऊन ८३० केलं. उलट दिशेनेही हेच होतं. डिझेलचा स्क्रू फार आत गेला तर आयडल चढत चढत जातं आणि एका टप्प्यानंतर पाय काढला तरी इंजिन खाली यायला तयार होत नाही. काकांची ‘आत नका घेऊ’ची ताकीद त्यासाठी होती. कमाल रेसच्या स्क्रूचं सील शाबूत होतं. त्याला हात लावला नाही.

वहीत शेवटी नोंद अशी आहे: टायमिंग ०.९०, नॉब आत. मागचा स्क्रू तीन अष्टमांश बाहेर. आयडल ८३०. पारदर्शक नळी तशीच ठेवली आहे, कायमची नको असं काका म्हणतात.

आता पंपाच्या वरच्या लिव्हरच्या शाफ्टपाशी ओल दिसायला लागली आहे. दिवसाला एखादा थेंब. काकांचं म्हणणं, डिझेलमधलं सल्फर कमी करताना त्यातले काही घटक बदलले आणि जुन्या डिझेलमध्ये वर्षानुवर्षं फुगून बसलेली रबरं आक्रसली. कारण ते असो किंवा चाळीस वर्षांच्या वापराने शाफ्टचं बुश घासलेलं असो, वरचं कव्हर उघडून ओ रिंग बदलावे लागणार. कव्हर उघडायचं म्हणजे गव्हर्नरची स्प्रिंग आतून सोडायची, तो लिव्हर शाफ्टच्या आट्यांवर एक दात जरी चुकून बसला तरी आयडल कुठच्या कुठे जातं. तोवर थेंबाखाली डबीचं झाकण ठेवलं आहे, आणि भाचा दर वेळी आला की आधी झाकण बघतो, मग नॉब.